बादलीभर उजेड

साल्हेरच्या माथ्यावरून परशुरामाने बाण सोडला आणि समुद्र मागे हटला, ही कथा बागलाणात लहान पोरालाही ठाऊक असते. आमच्या नामपूरहून समुद्र दिसत नाही, पण त्याच्याशी नातं कथेपुरतंच नाही. गावाजवळून वाहणारी मोसम मालेगावकडे जाऊन गिरणेला मिळते, गिरणा जळगाव जिल्ह्यात तापीला, आणि तापी सुरतेजवळ खंभातच्या आखातात उतरते. डाळिंबाच्या बागेतून वाहून गेलेलं पावसाचं पाणी शेवटी अरबी समुद्राच्याच दिशेने निघतं. हिवाळ्यात ज्या उत्तरेच्या वाऱ्याला द्राक्षबागायतदार धास्तावतो, बागेत शेकोट्या पेटवून रात्र काढतो, त्या वाऱ्याचाही या समुद्राशी संबंध आहे. त्याकडे पुढे येतो.

त्याआधी सांगायचं ते हे, की हा समुद्र रात्री उजळतो. 2020च्या नोव्हेंबरात जुहूच्या चौपाटीवर निळ्या लाटा फुटल्या तेव्हा अख्ख्या महाराष्ट्राने मोबाइलवर त्या पाहिल्या. कोकणच्या किनाऱ्यांवरूनही तशाच बातम्या आल्या. बहुतेकांना तो नवा चमत्कार वाटला. प्रत्यक्षात या उजेडाबद्दल दर्यावर्दी शेकडो वर्षं लिहीत आले आहेत, आणि त्यातल्या कितीतरी नोंदी आपल्याच समुद्रातल्या आहेत. हा उजेड कुणाचा, हे कळायला मात्र फार काळ गेला. ज्यांनी नुसतं पाहिलं त्यांनी सुंदर वर्णनं लिहून ठेवली. ज्यांनी दोराला बादली बांधून खाली सोडली त्यांनी उत्तराकडे नेलं. हा इतिहास मला तरी त्या बादल्यांचा इतिहास वाटतो.

अठराव्या शतकाच्या सुरुवातीला फादर बूर्झ नावाचे जेझुइट धर्मोपदेशक जहाजाने भारतात आले. वाटेत रात्री जहाजामागे पाण्याचा जो पट्टा उजळत राही, त्याच्या प्रकाशात आपण पुस्तकाचं शीर्षक वाचू शकलो, असं त्यांनी पत्रात कळवलं. ते पत्र 1713 साली लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात छापून आलं. बूर्झ यांनी पाहिलं बारकाईने, पण उजेड देणारा कोण, या प्रश्नाला तेव्हा कुणाकडेच उत्तर नव्हतं.

त्या शतकाच्या मध्याला विजेची नवलाई होती, त्यामुळे समुद्रातली ठिणगीही विजेचीच असणार असं बेंजामिन फ्रँकलिनला वाटलं. मीठ आणि पाणी एकमेकांवर घासून वीज निर्माण होते, तीच पुढे ढगात जाते, अशी त्याची अटकळ होती. पण फ्रँकलिन अटकळीवर थांबणारा नव्हता. त्याने बाटलीत समुद्राचं पाणी भरून आणलं. ताजं असताना ते हलवलं की चमके, काही तासांनी चमक ओसरून जाई. मीठ तेच, पाणी तेच, मग उजेड गेला कुठे? बोस्टनच्या जेम्स बोडन या त्याच्या मित्राने चमकणारं पाणी कापडातून गाळलं, तर खाली आलेलं पाणी काळोखं निघालं. उजेड कापडावर अडकला होता. म्हणजे तो पाण्याचा गुण नव्हता, पाण्यात काहीतरी होतं. 1753 साली फ्रँकलिनने आपला सिद्धांत सोडला आणि चांगल्यातल्या चांगल्या भिंगालाही न दिसणारा एखादा जीव डोळ्यांना दिसेल असा उजेड देऊ शकेल, हे मान्य केलं. कापडाच्या एका तुकड्याने हे केलं. विज्ञानाच्या इतिहासात मोठ्या प्रयोगशाळांची नावं गाजतात, मला मात्र या गाळणीचं मोल त्यांच्याइतकंच वाटतं.

1772 साली कॅप्टन न्यूलँड यांनी अरबी समुद्रातल्या एका वेगळ्याच दृश्याची हकिकत रॉयल सोसायटीच्या त्याच नियतकालिकात छापली. इथे लाट फुटली की चमकणारं पाणी नव्हतं. समुद्राचे पट्टेच्या पट्टे रात्री पांढरे दिसत होते. दर्यावर्दी याला दुधाळ समुद्र म्हणू लागले. हा दुसरा उजेड आणि जुहूचा उजेड वेगवेगळे आहेत, हे उमगायला पुढची दोनशे वर्षं लागणार होती.

लाटेत चमकणारा जीव आधी हाती लागला. आयर्लंडचा शरीररचनाशास्त्रज्ञ जेम्स मॅकार्टनी याने इंग्लंडच्या केंट किनाऱ्यावरच्या पाण्यातून तो वेचला आणि 1810 साली त्याचं वर्णन केलं. त्याला ते इवलं जेलीफिश वाटलं, आणि नावही त्याने तसंच दिलं. नॉक्टिल्युका सिंटिलान्स हे आजचं नाव 1921मध्ये रूढ झालं. हा जेलीफिश नव्हे. तो एका पेशीचा जीव आहे, पण पेशीच्या मानाने अवाढव्य. मोठा असला तर मिलिमीटरभरही भरतो, म्हणजे नीट नजर असेल तर भिंगाशिवाय दिसतो. शिजलेल्या साबुदाण्याच्या दाण्यासारखा, गोल, पारदर्शक. एका बाजूला खळगा, त्यातून निघालेली एक हलती सोंड, तिने तो खाणं ओढून घेतो. दाण्याचं बहुतेक पोट म्हणजे पाण्याने भरलेली पोकळी, तिच्यात अमोनियाचा अंश. त्याने शरीर हलकं होतं आणि जीव वर तरंगतो. धक्का लागला की पोकळीच्या पडद्यावरून विजेची एक लहर धावते, पडद्यालगत विखुरलेल्या बारीक बिंदूंमधली आम्लता क्षणात वाढते आणि ते बिंदू उजळतात. सगळा खेळ सेकंदाच्या दहाव्या हिश्श्यात आटोपतो. लाट फुटते तेव्हा असे लाखो जीव एकाच वेळी हलतात, म्हणून आपल्याला अख्खी लाट निळी दिसते.

ही माहिती पुष्कळ नंतरची. एकोणिसाव्या शतकात मोठमोठ्यांचीही वाट चुकत होती. बीगल जहाजावरून दक्षिण अमेरिकेच्या समुद्रात चमकणारं पाणी पाहणाऱ्या डार्विनला तो उजेड कुजणाऱ्या जैविक कणांचा वाटला. कुजणं हीच समुद्राची स्वतःला शुद्ध करण्याची रीत असावी, असा त्याचा कयास होता.

आपल्या मुंबईत याच सुमारास हेन्री जॉन कार्टर नावाचे ईस्ट इंडिया कंपनीचे सर्जन सूक्ष्मदर्शकाला डोळा लावून बसलेले होते. अरबस्तानच्या किनाऱ्याची मोजणी करणाऱ्या पालिन्युरस जहाजावर त्यांनी काम केलं होतं, मुंबईच्या तळ्यांतले गोड्या पाण्यातले स्पंज अभ्यासले होते. मुंबई बेटाच्या भोवतीच्या समुद्राला मधूनच लाल रंग चढतो, तो कशाने, याचा माग त्यांनी घेतला. पाणी आणलं, भिंगाखाली धरलं आणि त्या रंगामागचा सूक्ष्म जीव शोधून 1858 साली त्याला पेरिडिनियम सँग्विनियम असं नाव दिलं. दिवसा लाल दिसणारं पाणी आणि रात्री चमकणारं पाणी यांचे धनी कित्येकदा एकाच कुळातले असतात, तेव्हा या गोष्टीच्या मुंबईतल्या प्रकरणाचा आरंभ कार्टरांपासून धरायला हरकत नसावी. मुंबईच्या इतिहासात गिरण्या, गोदी, कापसाचा सट्टा यांवर रकाने भरले जातात. किनाऱ्यावरून पाणी भरून आणणाऱ्या या डॉक्टरला त्यातली चार ओळींची जागा मिळायला हवी.

दुधाळ समुद्राची गोष्ट दुसऱ्याच वाटेने चालली होती. 27 जुलै 1854च्या रात्री शूटिंग स्टार हे अमेरिकन जहाज जावा बेटाच्या दक्षिणेला असताना भोवतालचं सगळं पाणी पांढरं झालं. कॅप्टन किंगमन यांनी साठेक गॅलनचं पिंप त्या पाण्याने भरून घेतलं. पिंपात बारीक तेजस्वी कण होते आणि पाणी ढवळलं की ते सगळे जिवंत असल्यासारखे वळवळत. हातात घेतलेला कण अंधारात स्पष्ट दिसे, दिव्याजवळ नेला की दिसेनासा होई. भिंगातून पाहिल्यावर रंगहीन, जेलीसारखं काहीतरी. आज वाचताना जाणवतं की किंगमनच्या पिंपात एकापेक्षा अधिक जातीचे जीव असणार. तरीही आपल्याला काय दिसलं आणि कोणत्या उजेडात दिसलं, हे त्यांनी इतकं प्रामाणिकपणे लिहिलं की शास्त्रज्ञ अजून ती नोंद उघडून वाचतात.

दहा वर्षांनी, 30 जानेवारी 1864 रोजी, अमेरिकेच्या यादवी युद्धात दक्षिणेकडून लढणारं अलाबामा हे जहाज सोमालियाच्या किनाऱ्याबाहेर अशाच पांढऱ्या पाण्यात शिरलं. कॅप्टन सेम्स यांना आधी वाटलं, पाणी उथळ झालं, जहाज आता बसणार. शिशाचा गोळा दोराला बांधून सोडला, तळ लागला नाही. मग कित्येक तास ते त्या पांढऱ्या पाण्यातून चालत राहिले.

उजेडाच्या रसायनाचा उलगडा फ्रान्समध्ये झाला. राफाएल द्युब्वा यांनी 1880च्या दशकात आधी चमकणाऱ्या भुंग्यावर आणि मग फोलास नावाच्या शिंपल्यातल्या प्राण्यावर साधा प्रयोग केला. चमकणारा भाग थंड पाण्यात कुटला तर ते पाणी थोडा वेळ चमकून विझे. गरम पाण्यात कुटला तर चमकतच नसे. विझलेलं थंड पाणी आणि गरम केलेलं पाणी एकत्र केलं की पुन्हा उजेड. म्हणजे पदार्थ दोन आहेत. एक जळून संपणारा आणि उष्णता सोसणारा, दुसरा त्याला पेटवणारा आणि उष्णतेने मरणारा. पहिल्याला त्यांनी ल्युसिफेरिन म्हटलं, दुसऱ्याला ल्युसिफेरेज. बागलाणात पावसाच्या तोंडावर झाडावर लुकलुकणारा काजवा आणि जुहूची लाट यांच्यातली रसायनं वेगवेगळी आहेत, पण जोडीने काम करायची पद्धत हीच.

भारताच्या किनाऱ्यावर मात्र विसाव्या शतकात हा विषय नवलाचा राहिला नाही, पोटाचा झाला. 1935च्या जूनमध्ये मद्रासच्या किनाऱ्यावर मासे मेले. त्याचा संबंध गोपाल अय्यर यांनी पुढच्या वर्षी करंट सायन्समधून नॉक्टिल्युकाच्या दाट थरांशी जोडला. 1950मध्ये भीमाचार आणि जॉर्ज यांनी मलबार व कॅनरा किनाऱ्यावर मासेमारी अचानक का बसते, याचं संभाव्य कारण म्हणून लाल पाण्याकडे बोट दाखवलं. नॉक्टिल्युकाचे थर दाट झाले की मासे तिथून निघून जातात आणि जाळी रिकामी येतात. हा जीव डायटम, म्हणजे काचेच्या कवचाचे सूक्ष्म वनस्पतिजीव, खातो, इतर जीवांची अंडीही गिळतो, आणि मेल्यावर त्याच्यातला अमोनिया पाण्यात उतरतो.

याच काळात कालिकतच्या समुद्रात पाणी लाल न होता हिरवं झालं. आर. सुब्रह्मण्यन यांनी ते भिंगाखाली घेतलं. नॉक्टिल्युकाच्या पारदर्शक पोटात हजारो हिरवे ठिपके पोहत होते. ते त्याने खाल्लेलं अन्न नव्हतं. ठिपके जिवंत होते, आत सुखाने राहत होते आणि सूर्यप्रकाशावर अन्न बनवत होते. 1954 साली सुब्रह्मण्यन यांनी त्यांना प्रोटोयुग्लिना नॉक्टिल्युकी असं नाव दिलं. पुढे अमेरिकेच्या बिअट्रिस स्वीनी यांनी आग्नेय आशियातल्या समुद्रात तसेच हिरवे जीव अभ्यासले आणि त्यांना वेगळ्या कुळात टाकून नवं नाव दिलं. जग तेच नाव वापरू लागलं. मग 2016मध्ये जनुकांची तपासणी झाली. सुब्रह्मण्यन यांनी सुचवलेलं कूळ बरोबर नव्हतं, पण हे जीव स्वीनी यांच्या वर्गातही बसत नव्हते, ते एका स्वतंत्र वंशाचे ठरले. सहा दशकांनी कालिकतचं नाव पुन्हा वापरात आलं. भारतीय माणसाने साध्या सूक्ष्मदर्शकावर केलेलं काम असं न्याय मिळून परत येतं, तेव्हा फार बरं वाटतं.

या हिरव्या पाहुण्यांचं महत्त्व पुढे भलतंच वाढणार होतं, ते गोव्यामुळे. आंतरराष्ट्रीय हिंदी महासागर मोहिमेनंतर 1 जानेवारी 1966 रोजी राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था सुरू झाली, आज ती दोना पावला इथे आहे. तिथे काम केलेले जोआकिम गोएस आणि हेल्गा गोम्स हे मूळचे गोव्याचे शास्त्रज्ञ, पुढे अमेरिकेत गेले, पण त्यांनी अरबी समुद्र सोडला नाही. 1990च्या दशकातल्या मोहिमांमध्ये उत्तर अरबी समुद्रात हिवाळ्यात जे फुलायचं ते हे डायटम. लहान प्राणी ते खातात, त्यांना मासे खातात, अशी ती साखळी. 2000नंतर मात्र पाण्याच्या नमुन्यांत डायटमच्या जागी हिरवा नॉक्टिल्युका येऊ लागला, आणि त्याचे थर उपग्रहाच्या चित्रांत दिसण्याइतके पसरले.

असं का झालं? 2014मध्ये या दोघांनी सहकाऱ्यांसोबत नेचर कम्युनिकेशन्समध्ये उत्तर मांडलं, त्याला आधार होता भारतीय संशोधन जहाजांवरच्या मोहिमांचा. खालचं ऑक्सिजन कमी असलेलं पाणी वर येत आहे, आणि अशा पाण्यात पोटातले हिरवे जीव डायटमपेक्षा जोमाने अन्न बनवतात, असं त्यांचं म्हणणं. त्यामागे मुंबई, कराचीसारख्या वाढत्या शहरांचं सांडपाणीही असावं, असं त्यांनी सुचवलं. 2020च्या लेखात त्यांनी हिमालयाकडे बोट दाखवलं. हिमालय आणि तिबेटच्या पठारावरचा बर्फ घटला की तिथून हिवाळ्यात येणारे वारे पूर्वीइतके गार आणि कोरडे राहत नाहीत. गार कोरडा वारा समुद्राचा वरचा थर थंड करतो, थंड पाणी जड होऊन खाली बसतं आणि तळाकडचं खत वर येतं. वारा उबदार झाला की हे घुसळणं मंदावतं, डायटमला खत मिळत नाही. नॉक्टिल्युकाला त्याची तितकी गरज नाही. तो दुसऱ्यांना गिळतो आणि पोटातले हिरवे जीवही त्याला पोसतात.

हैदराबादच्या इन्कॉइस या भारतीय संस्थेतल्या शास्त्रज्ञांना ऑक्सिजनचं कारण पटलं नाही. 2018मध्ये त्यांनी ईशान्य अरबी समुद्रातल्या अशाच थरांवर लेख लिहिला. तिथल्या वरच्या पाण्यात ऑक्सिजन पुरेसा होता, असं त्यांच्या मोजमापांत आलं. वाद मिटलेला नाही. माझ्या मते तो असाच चालावा, कारण दोन्ही बाजू समुद्रात जाऊन पाणी भरून आणत आहेत. परिणामाबद्दल मात्र शंका कमी आहे. नॉक्टिल्युकाला खाणारे फारसे कुणी नाहीत. जे आहेत ते जेलीफिश आणि साल्पसारखे जीव, माशांच्या साखळीला त्यांचा उपयोग थोडा. ओमानच्या किनाऱ्यावर अशा जीवांनी समुद्राचं पाणी गोडं करणाऱ्या कारखान्यांच्या नळांत अडथळा आणला आहे. निफाडला पारा किती खाली गेला, हे आपण वर्तमानपत्रात रोज वाचतो. तो थंडीचा वारा समुद्रावर काय करतो, हेही आपल्या बातम्यांत यावं, असं मला मनापासून वाटतं.

आता दुधाळ समुद्राकडे. 1985च्या जुलैमध्ये अमेरिकन नौदलाचं विल्क्स हे जहाज सोकोत्रा बेटाजवळ अशा पाण्यात शिरलं आणि पहिल्यांदा शास्त्रज्ञांच्या हाती नमुना आला. त्यात व्हिब्रिओ हार्वेयी हे जिवाणू सापडले. नॉक्टिल्युका धक्का बसला की क्षणभर चमकतो. हे जिवाणू संख्येने पुरेसे झाले की अखंड तेवत राहतात. एकमेकांची गर्दी ते रसायनांनी ओळखतात, ही गोष्ट चमकणाऱ्या जिवाणूंवरच 1970मध्ये वुडलँड हेस्टिंग्ज आणि सहकाऱ्यांनी दाखवली होती. न्यूलँडचा पांढरा समुद्र आणि लाटेतला निळा उजेड वेगळे, याचा जीवशास्त्रीय पुरावा असा मिळाला.

दहा वर्षांनी, 25 जानेवारी 1995 रोजी, लिमा या ब्रिटिश व्यापारी जहाजाने सोमालियाच्या बाहेर पांढरा समुद्र पार केला, त्याला सहा तास लागले. ही नोंद स्टीव्हन मिलर या हवामानशास्त्रज्ञाच्या वाचनात आली. त्याने त्या रात्रींची लष्करी उपग्रहाची चित्रं काढून पाहिली. ठिकाण जुळत होतं. 2005मध्ये त्याने आणि सहकाऱ्यांनी प्रसिद्ध केलं की तो पट्टा 15,400 चौरस किलोमीटरचा होता, म्हणजे क्षेत्रफळाने नाशिक जिल्ह्याएवढा, आणि तीन रात्री दिसत होता. खलाशांची गप्प म्हणून झटकली गेलेली गोष्ट आकाशातून सिद्ध झाली.

2019मध्ये उपग्रहाने जावाच्या दक्षिणेला त्याहून कितीतरी मोठा, लाख चौरस किलोमीटरच्या वरचा पट्टा टिपला. त्यावर मिलरचा लेख आल्यावर एका खाजगी शिडाच्या नौकेच्या लोकांनी कळवलं की 2 ऑगस्टच्या रात्री ते त्याच पाण्यातून गेले होते. नौकेचं नाव गणेशा. त्यांनी बादलीत पाणी घेतलं होतं. बादलीत थोडे ठिपके स्थिर तेवत होते, आणि पाणी ढवळल्यावर ते उजळण्याऐवजी मंद झाले. नॉक्टिल्युका असता तर उलट झालं असतं. किंगमनच्या पिंपानंतर एकशे पासष्ट वर्षांनी, त्याच बेटाच्या दक्षिणेला, तीच युक्ती कामी आली होती.

2025मध्ये जस्टिन हडसन आणि मिलर यांनी चारशे वर्षांतल्या दुधाळ समुद्राच्या नोंदी एकत्र केल्या, चारशेहून अधिक. त्यातल्या बहुतेक दोनच भागांत साचलेल्या आहेत, आग्नेय आशियाच्या समुद्रांत आणि आपल्या अरबी समुद्रात. असा समुद्र केव्हा आणि कुठे दिसण्याची शक्यता आहे हे आधी कळावं आणि जहाज वेळेत तिथे पोहोचावं, हा त्या संकलनाचा हेतू. शास्त्रज्ञांच्या हाती अजून विल्क्सने आणलेलाच नमुना आहे. अलाबामा आणि लिमा या दोघांनाही तो पांढरा पट्टा जानेवारीतच, सोमालियाच्या बाजूला भेटला होता. मुंबई आणि गोव्याहून तिथवर संशोधन जहाज काही दिवसांत पोहोचतं. पुढचा नमुना आपल्या माणसांनी आणावा, त्यासाठी जहाज आणि निधी दोन्ही आधीच तयार ठेवले जावेत.